निळ्या ठिपक्याची बाजू

शुक्रवारी दुपारी आमच्या घरातला एसी बंद झाला की समजायचं, आता आतेला पत्र जाणार. बहारीनच्या उन्हाळ्यात भर दुपारी एसी बंद करणं हा शुद्ध वेडेपणा होता, पण त्याची घरघर कॅसेटमध्ये शिरते असं बाबांचं म्हणणं होतं आणि त्यावर आमच्या घरात अपील नव्हतं. फ्रीजची पिनसुद्धा निघायची. खिडक्या लागायच्या. मग बाबा बनियनवर, खांद्यावर पंचा टाकून टेपरेकॉर्डरसमोर मांडी घालून बसायचे, घसा खाकरायचे आणि लाल बटण दाबायचे. आते म्हणजे त्यांची थोरली बहीण. मालवणजवळच्या गावात एकटीच राहायची. आजी गेल्यावर तिनेच बाबांना वाढवलं होतं, आणि तिला वाचता येत नव्हतं. त्यामुळे सुट्टीवर निघालेल्या कुणाच्या तरी सामानात साबणाच्या वड्या, टँगचा डबा आणि एक कॅसेट असं आमचं पत्र जायचं. महिन्या-दीड महिन्याने तोच माणूस परत येताना कोकमं, सुके बांगडे आणि तीच कॅसेट घेऊन यायचा. तीच, कारण आते आमचं बोलणं ऐकून झालं की त्याच्यावरच आपलं उत्तर भरायची. तिचं ऐकून झालं की आम्ही पुन्हा तिच्यावर आमचं. एका कॅसेटवर चार-चार वर्षांचं बोलणं एकमेकांना पुसत राहायचं आणि त्यात कुणाला काही गैर वाटायचं नाही. पत्र वाचून झालं की त्याच्या मागच्या बाजूला हिशेब करतात, तसलंच ते.

बाबा मीना सलमान बंदरावर जहाजांच्या सुट्या भागांच्या गोदामात स्टोअरकीपर होते. दिवसभर साहेबाशी इंग्रजी, फोरमनशी हिंदी, ड्रायव्हरशी कामापुरती अरबी, "यल्ला" आणि "मफी". आई गिरगावची, त्यामुळे घरात पुस्तकी मराठी. मी मराठीत विचारलेल्या प्रश्नाला इंग्रजीत उत्तर देणारी कार्टी. मालवणी बोलायला बाबांना अख्ख्या बेटावर एक तो टेपरेकॉर्डर होता. "आका, मी सदा बोलतंय. बरा मा?" एवढं म्हटलं की त्यांचा आवाजच बदलायचा. खांदे खाली यायचे. हापूसला मोहोर किती, कौलं शाकारली का, तुझा गुडघा काय म्हणतो, असं अर्धा तास चालायचं. शेवटी माझी पाळी. मी आईने लिहून दिलेली चार मराठी वाक्यं वाचायची आणि घाम पुसत पळून जायची. आज माझा मुलगा टोरांटोत बसून माझी व्हॉइस नोट दीडपट वेगाने ऐकतो, त्याबद्दल त्याला बोलायचा अधिकार मला नाही.

आम्ही सनद नावाच्या वस्तीत, आईच्या हॉस्पिटलने स्टाफसाठी घेतलेल्या तीन मजली इमारतीत राहत होतो. आई लॅबमध्ये होती. खालच्या मजल्यावर फिजिओथेरपीतली हाना राहायची आणि तिच्या व्हिसावर आलेले तिचे वडील, ओताकर. साठीचा, उंच, किंचित पोक आलेला माणूस. डिपेंडंट व्हिसा, म्हणजे काम करायची परवानगी नाही. ते दिवसभर बटाटे सोलायचे, खुबूस आणायला बेकरीत जायचे आणि तिथल्या भट्टीसमोर उगाचच उभे राहायचे. त्यांचा बाप बेकर होता, हे नंतर कळलं. ते बटाटे किसून, त्यात लसूण आणि ओव्यासारखं काहीतरी घालून जाड घावनं करायचे. आईने त्याला बटाट्याचं थालीपीठ असं नाव ठेवून ते आपल्यात घेऊन टाकलं होतं. बदल्यात वरून सोलकढी जायची. पहिल्यांदा सोलकढी प्यायल्यावर ते बराच वेळ ग्लासकडे बघत राहिले आणि हे औषध आहे का, असं त्यांनी विचारलं.

ते सिनेनट होते, हे आम्हाला वर्षभर माहीतच नव्हतं. शाळेत माझी इंग्रजी कवितावाचनाची स्पर्धा होती आणि मी जिन्यात येरझारा घालत पाठ करत होते. ते दार उघडून बाहेर आले, माझं ऐकलं आणि त्यांच्या मोडक्या इंग्रजीत म्हणाले की तू शब्द वाढत नाहीस, ओततेस. त्या दिवसापासून शाळा सुटल्यावर तासभर त्यांच्या स्वयंपाकघरात माझी तालीम सुरू झाली. पाठ भिंतीला, तळवा पोटावर, श्वास आधी, शब्द मागून. आणि तालमीच्या फटीफटींतून त्यांचं आयुष्य बाहेर यायचं, तेही बटाटे सोलता सोलता, दुसऱ्या कुणाची गोष्ट सांगावी तसं. पिठाची पोती वाहणारा पोरगा, फिरत्या नाटक कंपनीत आधी झाडूवाला, मग निरोप्या, मग नायकाचा मित्र. बाविसाव्या वर्षी पहिला सिनेमा. एकूण अकरा. त्यातल्या एकात ते नदीवरचे नावाडी झाले होते आणि तो सिनेमा त्यांच्या देशात घराघरात पोचला. ट्राममधली माणसं त्यांना बघून वल्हं मारल्याची नक्कल करायची. खाटीक त्यांच्यासाठी चांगलं मटण फळीखाली राखून ठेवायचा.

मग त्यांच्या शहरात परक्या देशाचे रणगाडे आले. त्याविरुद्ध एका कागदावर बऱ्याच नटांनी सह्या केल्या, त्यांनीही केली. नंतर साहेब लोकांनी एकेकाला बोलावून सही मागे घ्या म्हणून सांगितलं. बऱ्याच जणांनी घेतली. "मी पण घेणार होतो," ते मला म्हणाले. "पण त्या ऑफिसरने मला बसायला सांगितलं नाही. रागाच्या भरात नाही म्हणालो. मग खलास." हा बहारीनमध्ये शिकलेला शब्द त्यांच्या फार आवडीचा होता. फोन यायचा बंद झाला. दोन वर्षं त्यांनी एका हॉस्पिटलच्या बॉयलरमध्ये कोळसा टाकला, आणि एका उन्हाळ्यात लहानग्या हानाला घेऊन सुट्टीवर जातो म्हणून गेले ते व्हिएन्नाला पोचले. तिथे त्यांची जर्मन ऐकून लोक हसायचे, म्हणून त्यांना सिनेमात कामं मिळाली ती एक मुका गाडीवान, एक मुका खाटीक आणि एकदा प्रेत. प्रेताचं काम सगळ्यात चांगलं झालं होतं, असं ते गंभीरपणे सांगायचे.

मागे त्यांच्या देशात सिनेमांच्या पाट्यांवरून त्यांचं नाव कापलं गेलं. दहा सिनेमे कपाटात गेले. नावाड्याचा मात्र लोकांना इतका प्रिय होता की तो दडपता येईना, म्हणून त्यातला त्यांचा आवाज काढून दुसऱ्या नटाचा घातला. व्हिएन्नात एका संध्याकाळी सीमेपलीकडचं टीव्ही केंद्र लागलं आणि त्यांनी ते पाहिलं. चेहरा त्यांचा, ओठ त्यांचे, आणि आवाज एका जुन्या मित्राचा. "वाईट केलं नव्हतं त्याने," ते म्हणाले. "त्यालाही मुलं होती." त्यांचा स्वतःचा आवाज उरला होता तो एका कॅसेटवर. सिनेमाचा शेवट म्हणजे नावाडी रिकाम्या नावेतून पलीकडे जाताना मेलेल्या बायकोशी बोलत राहतो, तेवढा अर्ध्या तासाचा भाग. एका साउंडवाल्याने तो चोरून उतरवून ठेवला होता आणि कुणाच्या तरी बुटातून तो व्हिएन्नाला आला होता. कॅसेटवर कुणाचं नाव नको म्हणून लेबल नव्हतं. एका बाजूला शाईचा निळा ठिपका होता. ठिपक्याच्या बाजूला आवाज, दुसरी बाजू कोरी. हाना दोन वर्षं म्हणत होती की डबल डेक मिळाला की दुसरी प्रत करू, इंशाल्ला.

ती कॅसेट त्यांनी मला दिली. अर्थ कळणार नाही म्हणूनच ऐक, म्हणाले, नुसता श्वास कुठे घेतलाय ते ऐक. मी दोन रात्री उशीखाली टेप ठेवून ऐकली. काही कळलं नाही आणि तरी मला रडू आलं, आणि मी मोठेपणी नटी व्हायचं ठरवलं. ते ठरवणं पुढे बँकेच्या परीक्षेत विरघळलं, पण तो या प्रकरणाचा विषय नाही.

त्या शुक्रवारी आमच्या वरच्या मजल्यावरचे कामत महिन्याच्या सुट्टीवर निघाले होते. पाच वाजता एअरपोर्टला. बाबांनी दोन वाजता एसी बंद केला, फ्रीजची पिन काढली, आणि आमच्या म्हाताऱ्या कॅसेटने टेपरेकॉर्डरमध्ये आतडी बाहेर काढली. सगळी फीत चाकांना गुंडाळली गेली. शुक्रवारची सुट्टी, दुकानं बंद. बाबा घामाने निथळत घरभर दुसरी कॅसेट शोधायला लागले आणि आका वाट बघत असेल, वाट बघत असेल, असं पुटपुटायला लागले. माझ्या दप्तरात ती एक होती, आणि तिची एक बाजू कोरी होती. मी ती काढली. तिच्या कडेचे प्लास्टिकचे दात मोडलेले होते. दात मोडले की कॅसेटवर नवं काही भरता येत नाही, पण त्या खाचेवर चिकटपट्टी लावली की येतं, हे आमच्याकडे पाळण्यातल्या पोरालासुद्धा ठाऊक. मी सवयीने दोन्ही खाचांवर पट्ट्या लावल्या. बाबांनी माझ्या हातातून कॅसेट घेतली, आत ढकलली आणि लाल बटण दाबलं. "आका, मी सदा बोलतंय."

बावीस मिनिटं बोलले. मला अजून आठवतं, त्या दिवशी त्यांना खोकला होता आणि तो झाला नाही असं ते मुद्दाम सांगत होते. शेवटी मी माझी चार वाक्यं वाचली, बाबा म्हणाले, "पुरे, कर बंद." आई फ्रीज लावायला धावली. मी कॅसेट बाहेर काढली आणि निळा ठिपका माझ्याकडे बघत होता.

चूक झाली ती तिथवर चूकच होती. पुढचं मात्र माझं पाप आहे, आणि ते सांगायलाच मी हे प्रकरण लिहायला घेतलं. मी तेव्हाच बोलले असते तर कॅसेट घरात राहिली असती. उरलेली आठ मिनिटं तरी हातात राहिली असती. पण खाली कामतांची गाडी हॉर्न वाजवत होती, बाबांचा चेहरा पत्र लिहून झाल्यावर व्हायचा तसा निवळला होता, आणि मी भित्री होते. बाबांनी कॅसेट साबणाच्या पिशवीत टाकली. मी बघत राहिले.

आठ दिवसांनी ओताकर अंकल जिन्यात मला भेटले ते दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून. हातात पत्र. त्यांच्या देशातलं सरकार हिवाळ्यातच कोसळलं होतं. ते आम्ही सगळ्यांनी त्यांच्याकडच्या टीव्हीवर पाहिलं होतं, हाना रडली होती. आता तिथे जुने सिनेमे जतन करणाऱ्या एका बाईंनी लिहिलं होतं की नावाड्याचा सिनेमा पुन्हा दाखवायचा आहे, पाटीवर तुमच्या नावासकट. मूळ आवाजाची रिळं मात्र सापडत नाहीत, बहुधा नष्ट केली. तुमच्याकडे शेवटच्या भागाची प्रत आहे असं ऐकलं, ती पाठवाल का? ध न जमणाऱ्या त्यांच्या उच्चारात ते मला म्हणाले, "मादवी, श्वास ऐकून झाला असेल तर कॅसेट दे आता."

मी त्यांच्या स्वयंपाकघरात भिंतीला पाठ लावून उभी राहिले आणि सांगितलं. शिकवल्याप्रमाणे श्वास घ्यायचा प्रयत्न केला, तो आला नाही. ते बटाटा सोलत होते. हात थांबला नाही, फक्त साल फार जाड निघायला लागली.

"किती गेलं?" त्यांनी विचारलं.

"बावीस मिनिटं."

"तुझे बाबा काय बोलले त्यात?"

मी सांगितलं की आंब्याचा मोहोर, कौलं, आतेचा गुडघा. त्यांनी मान हलवली आणि आता तू वर जा म्हणाले. हानाने मात्र रात्री आमच्या दारात उभं राहून आईला जे सुनवायचं ते सुनवलं, आणि एक शब्द त्यातला खोटा नव्हता.

बाबांनी मला मारलं नाही, बोललेही नाहीत. त्यांनी दुसऱ्या दिवशी सेंट्रल मार्केटमधून सुरमई आणली आणि ती घेऊन खाली गेले. ओताकरांनी दार उघडलं नाही. बाबा सुरमई दाराशी ठेवून वर आले आणि पहिल्यांदाच मला म्हणाले की आका नेहमीसारखं त्याच्यावरच उत्तर भरील. मीही रात्रंदिवस तेच मोजत होते. आते नेहमी फीत मागे नेऊन पहिल्यापासून बोलायची, आणि बोलायला लागली की कॅसेटची फीत संपेपर्यंत थांबायची नाही. गावात फोन नव्हता. तार केली, पण तारेत हे सगळं कसं सांगणार, आणि ती तिला वाचून दाखवणारा पोस्टमन काय समजणार? एक ओळ पाठवली, कॅसेटवर बोलू नको. कामत परत येईपर्यंतचा तो महिना मी जिना चढताना चपला हातात घ्यायचे. खालून बटाट्याच्या थालीपिठाचा वास यायचा बंद झाला होता. कवितावाचनात माझा पहिला नंबर आला, ते सांगायला जायची जागा राहिली नव्हती.

कामत आले ते दोन कॅसेटी घेऊन. तार पोचलीच नव्हती, असं नंतर कळलं. बाबांनी सगळ्यांना बोलावलं. खाली जाऊन त्यांनी दाराबाहेरूनच मोठ्याने सांगितलं की आलीय, काय आहे ते सगळे मिळून ऐकू. बऱ्याच वेळाने ओताकर आणि हाना वर आले. एसी बंद केला. आतेची नवी कॅसेट आधी लावली, कारण आमच्याकडे थोरल्याचं आधी. कोंबड्यांचा आवाज, तिची खाकर, आणि मग:

"सदा, तुझ्या मागसून एक बापयमाणूस बोलता. काय बोलता ता माका कळणा नाय. पण तेचो जीव कोणासाठी तरी तुटता हां. मी रोज सांजेक ऐकतंय तेका. तेचो आवाज पुसूक माझो हात चाललो नाय, म्हणान ही नवी कॅसेट इकत घेतली. कोण तो? जेवता-खाता मा बरो? तुमच्याच बाजूक रवता तर तेका जेवूक घाल रे."

बाबांनी टेप थांबवली. त्यांना इंग्रजीत सांगता येईना, म्हणून मी सांगितलं, शब्दाला शब्द. ओताकरांनी दोनदा सांगायला लावलं. मग त्यांनी तोंडावर हात ठेवला आणि ते रडले, आवाज न करता, एवढा मोठा माणूस. आम्हीही रडलो. आई आधी सावरली आणि तिने ताटं घेतली, कारण आतेची आज्ञा होती.

दुसरी कॅसेट जेवल्यावर लावली. बाबांची बावीस मिनिटं ते हात पोटावर ठेवून ऐकत बसले. मग माझी चार वाक्यं, खट्, आणि अर्ध्या वाक्यातून त्यांचा तरुण आवाज. आठ मिनिटं, पूर्ण. त्यांनी ती कॅसेट तशीच पाठवली. बाईंनी सुचवलं होतं म्हणे की राहिलेला सिनेमा तुम्ही आता पुन्हा बोला. त्यांनी नाही म्हटलं. तिशीतल्या नावाड्याने म्हाताऱ्याच्या आवाजात का बोलावं? तो सिनेमा आजही तसाच आहे. दीड तास मित्राचा आवाज, आणि शेवटची आठ मिनिटं, थोड्या खरखरीसकट, त्यांचा.

मायदेशी परत जायच्या आधीचे तीन महिने ओताकर दर शुक्रवारी आमच्याकडे जेवले. पुढच्या पत्रात त्यांना आतेला उत्तर द्यायचं होतं. एकच वाक्य, पण आठवडाभर त्यांनी बाबांना जिन्यात गाठून गाठून त्याची तालीम केली. गोदामातून दमून आलेले बाबा पायरीवर बसून पुन्हा पुन्हा म्हणून दाखवत, हे ओठांकडे बघत. जर्मन बोलले की लोक ज्यांना हसत, त्या माणसाने लाल बटण दाबल्यावर असं म्हटलं की वेंगुर्ल्याचा माणूसही फसला असता: "आका, जेवलंय मी. पोटभर." बाबांनी चक्क टाळ्या वाजवल्या आणि त्या टाळ्याही कॅसेटमध्ये गेल्या. ते त्यांचं शेवटचं काम. त्या कॅसेटवर पुढे आतेने उत्तर भरलं, त्यावर आम्ही, असं करत ते पुसलं गेलं.

आते गेली, ओताकर त्यांच्या गावात, बेकरीशेजारच्या घरात वारले. बाबा गेले त्याला आता अकरा वर्षं झाली. मी सनद सोडून हिद्दला राहायला आले तेव्हा आवरताना कॅसेटींचा डबा सापडला. माणूस ठेवून सगळ्या वाजवून घेतल्या. प्रत्येकीवर शेवटचं उत्तर आतेचं. तिचा आवाज तासन्‌तास आहे, कोंबड्यांसकट. बाबांचा एक शब्द नाही. फोटो आहेत ढीगभर, पण "आका, मी सदा बोलतंय" कुठेच नाही. त्या दिवशी मला ते गेल्याचं जेवढं दुःख झालं तेवढं ते गेले तेव्हाही झालं नव्हतं.

गेल्या महिन्यात हानाला सहज लिहिलं. चार दिवसांनी तिचं उत्तर आलं, सोबत एक ऑडिओ फाइल. जतन करणाऱ्यांनी तेव्हा ती अख्खी बाजू उतरवून ठेवली होती, एक सेकंदही न गाळता, कारण पाठवताना ओताकरांनी सोबत चिठ्ठी घातली होती. हानाने तिचं भाषांतर पाठवलं: यातली पहिली बावीस मिनिटंही माझीच आहेत, कापू नयेत.

मी उठून एसी बंद केला. फ्रीजची पिन काढली. मग पंचा खांद्यावर घेतला आणि फाइल लावली.